पाण्याला योग्य

मी पाण्याच्या रांगेतून दोन बादल्या भरून घरी आले, तर आमचे हे स्वयंपाकघरात फतकल मारून बसले होते. मांडीवर माझं मोठं पातेलं पालथं घातलं होतं आणि हातड्रिलने त्याच्या बुडाला भोक पाडणं चाललं होतं. घरात धड पातेलं ते एकच उरलं होतं.

"अहो, डोकं ठिकाणावर आहे का?" मी विचारलं.

"आहे. तेवढंच ठिकाणावर आहे," मान वर न करता हे म्हणाले. "धुण्याचा साबण कुठे ठेवलास?"

यांचं बोलणं हे असंच. सव्वीस वर्षं संसार केला, पण एका प्रश्नाला एक सरळ उत्तर मिळालंय असं आठवत नाही. मी बादल्या खाली ठेवल्या आणि साबण काढून दिला, कारण दिल्याशिवाय पुढचं काही कळणार नव्हतं.

आता हे सगळं कळायचं तर थोडं मागचं सांगावं लागेल. आमचे हे नदीकाठच्या लष्करी वर्कशॉपमध्ये मेकॅनिक. शिपाई नव्हेत, साधे पगारी नोकर. सगळे त्यांना वस्ताद म्हणायचे. त्यांच्याकडे काम होतं ते तरंगत्या गाड्यांचं. जाड पोलादी पत्र्याच्या, लोखंडी पट्ट्यांवर चालणाऱ्या, वर मशिनगन बसवलेल्या या गाड्या रस्त्यावर रणगाड्यासारख्या जातात आणि नदी लागली की होडीसारख्या तरंगत पलीकडे जातात. एकेका गाडीच्या पोटात दहा-बारा माणसं मावतात. प्रत्येक गाडीच्या बुडाला आठ भोकं असतात, आत साचलेलं पाणी काढायला. एरवी ती उघडी ठेवायची, म्हणजे पत्रा गंजत नाही. नदीत घालायच्या आधी आठही भोकांत पितळी बुचं पिळून बसवायची. एक बूच विसरलं तरी चालतं, आतला पंप तेवढं पाणी बाहेर फेकतो. आठही नसतील तर तो मोठ्ठा लोखंडी डबाच, दुसरं काय.

वर्कशॉपच्या भिंतीवर एक काळा फळा होता. त्यावर प्रत्येक गाडीची एक ओळ, आणि ओळीत रकाने: इंजिन, पट्टे, पंप, बुचं, आणि शेवटी 'पाण्याला योग्य', त्याच्यापुढे सही. फळ्याखाली खिळ्यांवर बुचं टांगलेली. सही यांची. आणि नियम असा की ज्याची सही, त्याने पहिल्या फेरीला गाडीत बसायचं. बुडाली तर सही करणाऱ्यालाही घेऊन बुडाली पाहिजे, म्हणजे कोणी डोळे झाकून सही करत नाही. दर वर्षी चाचणीच्या दिवशी मी लेकीला कडेवर घेऊन काठावर उभी राहायची आणि हे झडपेतून डोकं काढून पिवळं फडकं हलवायचे. गंमत म्हणजे यांना पोहता येत नव्हतं. सव्वीस वर्षं गाड्या पोहायला लावल्या आणि स्वतः गुडघ्याच्या वर पाण्यात उतरले नाहीत.

सहीच्या बाबतीत हे भलतेच हटवादी. एकदा एका मोठ्या साहेबाने पंप बंद असताना सही मागितली. यांनी खडू परत ठेवला. बढती सहा वर्षं अडकली, पण सही म्हणजे सही. लेकीच्या शाळेचं प्रगतिपुस्तकसुद्धा पहिल्या पानापासून शेवटपर्यंत वाचल्याशिवाय सही करत नसत. ती बिचारी चप्पल घालून दारात उभी, शाळेची घंटा होऊन गेलेली, आणि हे विचारतायत, "हे 'वर्तन ठीक' म्हणजे नेमकं काय गं?" मोठी झाल्यावर ती आम्हाला हसवायला यांची नक्कल करायची.

तीच लेक आता नदीपलीकडच्या इस्पितळात नर्स आहे. लहान मुलांच्या वॉर्डात.

ते लोक आले तेव्हा सैन्य एका दुपारीत पलीकडे निघून गेलं आणि जाताना पूल उडवून गेलं. गावात त्या लोकांचं नाव कोणी घेत नसे. नुसतं 'ते' म्हणायचे. मुलींची शाळा त्यांनी पहिल्या दिवशी बंद केली, दुसऱ्या दिवशी ग्रंथालय जाळलं, तिसऱ्या दिवशी तीन मास्तरांना चौकात उभं केलं. त्याबद्दल मी जास्त सांगणार नाही. ज्यांना पळता आलं ते होड्यांनी पलीकडे गेले. इस्पितळाच्या आवारात आणि आसपासच्या शेतांत हजारो माणसं गोळा झाली होती, आणि त्यांच्या राखणीला मूठभर शिपाई.

वर्कशॉपमध्ये तीन तरंगत्या गाड्या राहून गेल्या. इंजिनं उघडलेली होती, न्यायला वेळ मिळाला नाही. त्या दुपारी सगळे होड्यांकडे धावत होते आणि आमचे हे जेवणाच्या डब्याची पिशवी घेऊन रोजच्यासारखे चालत घरी आले. पिशवीच्या ओझ्याने एक खांदा कललेला. आत चोवीस बुचं.  मी तांदळाच्या डब्यात तळाशी बुचं घातली आणि वरून तांदूळ ओतले.

चौथ्या दिवशी दारात अर्धाकप उभा.

अर्धाकप म्हणजे वर्कशॉपमधला गाडी चालवणारा. नेहमी "काकू, अर्धाच कप द्या" म्हणायचा आणि तीन वेळा अर्धा प्यायचा. माझ्या हातचं कितीदा तरी जेवलेला माणूस. आता त्याच्या खांद्यावर बंदूक होती, आणि ती सैन्याचीच होती. बरोबर एक चष्मेवाला, त्यांचा म्होरक्या. तो इतक्या हळू बोलायचा की पुढे वाकून ऐकावं लागे.

"तीन गाड्या आहेत," चष्मेवाला म्हणाला. "पलीकडे आमचं काम अर्धं राहिलंय. गाड्या पाण्यात चालायला हव्यात."

"इंजिनं उघडलेली आहेत," हे म्हणाले.

"म्हणून तर तुमच्याकडे आलो."

"आणि वस्ताद, बुचं कुठे गेली?" अर्धाकपने विचारलं. "खिळे रिकामे आहेत."

"सैन्याने नेली असतील."

त्यांनी सगळं वर्कशॉप पालथं घातलं, दोन भंगारवाल्यांची दुकानं फोडली. काखेत कळसा आणि गावाला वळसा. मी रोज त्याच डब्यातून दोन वाट्या तांदूळ काढत होते, आणि दर वेळी हात तळाला लागणार नाही इतकेच काढत होते.

हे कामावर जायला लागले. एकोणीस दिवस गेले. आज हा भाग नाही, उद्या तो पट्टा घसरतोय, असं करत यांनी जमेल तेवढं लांबवलं, पण अर्धाकपला गाड्यांमधलं कळत होतं, फार फसवता येत नव्हतं. आणि गावाला एवढंच दिसत होतं की वस्ताद रोज सकाळी डबा घेऊन त्यांच्या गाड्या दुरुस्त करायला जातो. शेजारची पोस्टमास्तरीणबाई, जिच्या तीन बाळंतपणांत मी रात्र रात्र जागले, ती मला बघून खिडकी लावून घ्यायला लागली. रांगेत कोणीतरी मागून 'घरभेदी' म्हणालं. मी वळून बघितलं नाही.

मग पलीकडून मासे पकडणारा एक जण निरोप घेऊन आला. निरोप लेकीचा होता. "बाबांना सांगा, त्यांच्यासाठी काम करत असाल तर मला पुन्हा तोंड दाखवू नका."

हे जेवत होते. त्यांनी घास चावून संपवला, पाणी प्यायले आणि म्हणाले, "बरोबर आहे तिचं."

"कळवा ना तिला काहीतरी."

"काय कळवू? जे कळवलं ते या काठालाही कळेल."

आणि त्याच्या दुसऱ्या दिवशी हे पातेलं.

जुनी बुचं सापडेनात म्हणून अर्धाकपने यांना लेथवर नवी लोखंडी बुचं करायला सांगितली होती. परवा सकाळी पहिली गाडी पाण्यात घालायची. आधी उथळात पाव तास उभी करायची, आतली जमीन कोरडी राहिली तर तशीच सरळ पलीकडे न्यायची. पलीकडे पोहोचायला वीस मिनिटं.

"बुचं मी केली," हे म्हणाले. "पण आटे कमी पाडलेत. नुसती भोकात अडकून राहतात, धरत नाहीत. फट साबणाने भरायची, वर ग्रीस. दिसायला चोख." त्यांनी तसंच एक बूच पातेल्याच्या भोकात बसवलं. "साबणाने पाव तास धरून ठेवलं पाहिजे आणि पस्तीस मिनिटांच्या आत सोडलं पाहिजे. मला इंजिनातलं कळतं, साबणातलं कळत नाही."

मग माझ्या डोक्यात प्रकाश पडला. मी त्यांच्या शेजारी खाली बसले.

मागच्या दारी धुण्याची सिमेंटची टाकी आहे. पातेल्यात एक धोंडा ठेवून आम्ही ते टाकीत सोडलं आणि पायरीवर गजराचं घड्याळ ठेवलं. सकाळचे दहा वाजले असतील. बाहेरून बघणाऱ्याला म्हातारा-म्हातारी पोरखेळ करतायत असं वाटलं असतं. बारा मिनिटांत बूच सुटलं, पातेलं गुडुप झालं.

"पाव तासही नाही," हे म्हणाले.

"ताजा साबण आहे तो. लोण्यासारखा जातो." मी माळ्यावरून जुने तुकडे काढले. साबण आणला की मी तो आधी महिनाभर उन्हात वाळवते, म्हणजे धुण्याला पुरतो. माझ्या आईची सवय. त्या तुकड्यांनी फट भरली, तर तासाभराने कंटाळून मीच पातेलं बाहेर काढलं. हलायला तयार नाही.

"हा फारच निष्ठावान निघाला," हे म्हणाले.

मग मी किसणीवर दोन्ही किसले, निम्मे निम्मे, आणि कणीक मळावी तसे मळले. पहिल्यांदा एकोणीस मिनिटं. वाळलेला थोडा वाढवला. दुसऱ्यांदा मी पाव तास पाणी शांत ठेवलं आणि नंतर हाताने ढवळायला लागले, नदीला ओढ असते म्हणून. सत्तावीस मिनिटं. तिसऱ्यांदा पुन्हा सत्तावीस. शितावरून भाताची परीक्षा झाली. मला त्या क्षणी खरंच आनंद झाला, एखादा पदार्थ जमल्यावर होतो तसा. हे सांगायची लाज वाटते, पण झाला.

आणि मग बोटांवरचा साबण धुताना मला चाचणीचा दिवस आठवला. पिवळं फडकं आठवलं.

"आणि तुम्ही कुठे असणार?" मी विचारलं.

"काठावर. नियम सैन्याचा होता. यांचा कशाला असेल? अर्धाकप विसरला असेल."

 अर्धाकप कुठलाच चहा विसरला नव्हता, नियम विसरेल होय.

दुसऱ्या दिवशी दुपारी तो आलाच. सरळ स्वयंपाकघरात येऊन बसला, जुन्या सवयीने. पातेलं कट्ट्यावर पालथं होतं, बुडाचं भोक वर.

"काकू, पातेल्याला भोक?"

माझं तोंड आपोआप चाललं. "मिरचीचं रोप लावायचंय. भोक नसलं तर मुळं कुजतात. तुझ्या वस्तादांना एवढं साधं काम चार दिवस सांगत होते, तेव्हा कुठे काल मुहूर्त लागला."

"चांगलं पातेलं वाया घालवलंत."

"रांधायला आहे काय घरात? पातेलं मिरवू?"

तो हसला. मी त्याच्यासमोर परसातली माती आणून पातेल्यात भरली, मिरचीचं एक रोप उपटून त्यात लावलं आणि पाणी घातलं. खालच्या भोकातून पाणी टिपटिप गळायला लागलं. तो चहा पीत ते बघत होता. मग उठला, आणि दारातून म्हणाला, "वस्ताद, उद्या पहिल्या फेरीला तुम्ही आत बसायचं. आपला नियम. मी चष्मेवाल्यांना सांगितलंय, त्यांना फार आवडला."

"बरं," हे म्हणाले.

तो गेल्यावर मी दार लावलं आणि तांदळाचा डबा पुढ्यात ओढला.

"खरी बुचं बसवा," मी म्हणाले.

"अगं..."

"काही अगं नाही. खरी बुचं आहेत, बसवा. गाडी जाऊ दे पलीकडे. तिकडे शिपाई आहेत, बंदुका आहेत, ते बघतील काय ते. सगळ्या दुनियेचा मक्ता तुम्हीच घेतलाय का?" मला इतका राग आला होता की डब्याचं झाकण उघडेना. "नाहीतर पळून जाऊ. आत्ता."

यांनी माझ्या हातातून डबा घेऊन बाजूला ठेवला. मग पहिल्यांदा, लग्न झाल्यापासून पहिल्यांदा, एका प्रश्नाचं सरळ उत्तर दिलं.

"पळालो तर त्यांना कळेल की गाडीत खोट आहे. बसलो नाही तरी कळेल. मग ते दुसरा मेकॅनिक आणतील, आणि तीन दिवसांनी तीनही गाड्या पलीकडे. वॉर्डात किती पोरं आहेत म्हणाली होती ती?"

"बेचाळीस."

"बेचाळीस. आणि मी आत बसलो तर कोणाला संशय येणार नाही. बुडवणारा स्वतः आत बसतो होय? ते म्हणतील, माणसं जास्त भरली, अर्धाकपला चालवता आली नाही. दुसरी गाडी घालायची त्यांची छाती होणार नाही. आणि तुझ्याकडे कोणी बोट दाखवणार नाही."

"मला काय करायचंय बोट!"

"तुला जगायचंय. तिला सांगायला कोणीतरी हवं."

मी रडले. चांगली तासभर रडले, लपवून नाही, त्यांच्यासमोर. हे बाजूला बसून राहिले. समजूत घालायचं त्यांना कधी जमलं नाही. शेवटी म्हणाले, "सही मी केलेली नाही बरं का."

"कसली सही?"

"फळ्यावर. इंजिन, पट्टे, पंप सगळ्यापुढे खुणा केल्या, ते सगळं ठीकच आहे. बुचांपुढे खूण नाही. आणि पाण्याला योग्य म्हणून सही नाही. नाहीच झाली हाताने."

"अहो, त्या मेल्याने फळा वाचला तर?"

"वाचला तर मेलोच. पण पंधरा वर्षांत त्याने कधी वाचला नाही. तो थेट गाडीत चढतो."

मी कपाळावर हात मारला. एवढा जिवावरचा खेळ, आणि याच्यातही या माणसाला खोटी सही करवेना. पण खरं सांगते, मग माझं रडणं थांबलं. ज्या माणसाशी मी लग्न केलं होतं तोच समोर बसला होता, तसूभरही बदललेला नव्हता. 

मी उठले. दोन्ही साबण किसले, वाळलेला किंचित जास्त, आणि मळायला बसले. चांगला मळला, एक गाठ राहू दिली नाही. ओल्या फडक्यात गुंडाळून तो गोळा त्यांच्या डब्यात ठेवला. रोज मी जेवणाचा डबा भरून देते, त्या दिवशी साबणाचा दिला. सकाळी निघताना त्यांनी पिवळं फडकं मागितलं. ते मी रात्रीच धुऊन ठेवलं होतं.

आठ वाजता त्या लोकांनी सगळ्या गावाला काठावर बोलावलं. बघा म्हणे आमची ताकद. गाडीवरचा सैन्याचा आकडा पुसून त्यांनी आपलं चिन्ह काढलं होतं, रंग अजून ओला होता. आत अकरा माणसं आणि चष्मेवाला. चालवायला अर्धाकप. आणि आमचे हे.

गाडी उथळात उतरली आणि थांबली. माझ्याकडे घड्याळ नव्हतं. मी मनात साठ-साठ मोजत होते. पाव तासाने अर्धाकपने वर डोकं काढलं आणि ओरडला, "जमीन कोरडी!" काठावरच्या त्यांच्या माणसांनी हवेत बार काढले. गाडी पुढे निघाली. तेवढ्यात मागची झडप उघडली आणि हे वर आले. गर्दीत त्यांना मी सापडले की नाही कोण जाणे, पण फडकं हलवलं. दर वर्षी हलवायचे तसंच, दोनदा. मी हात वर केला. पोस्टमास्तरीणबाईने माझ्याकडे बघितलं ते मला जाणवलं. बघू दे.

बावीस मोजले. तेवीस. पंचवीसला गाडी नदीच्या मधोमध होती. सव्विसाव्या मिनिटाला तिचं नाक खाली गेलं. पंपाची धार जोरात उडायला लागली, म्हणजे पंप खरंच उत्तम चालत होता. सत्तावीस पुरे व्हायच्या आत तिथे नुसतं पाणी होतं.

 नंतर मागून एक जण पुटपुटला, "त्यांच्याबरोबर गेला. बरं झालं." मी ऐकलं आणि घरी आले. मिरचीला पाणी घातलं.

हे म्हणाले होते तस्संच झालं. कोणी म्हणालं माणसं जास्त भरली, कोणी म्हणालं अर्धाकपने ओढीत आडवी घातली. पाण्यातून कोणीच वर आलं नाही, त्यामुळे विचारणार कोणाला? उरलेल्या दोन गाड्या वर्कशॉपमध्येच राहिल्या. सहाव्या दिवशी सैन्य वरच्या अंगाने नदी ओलांडून आलं आणि ते लोक डोंगराकडे पळाले.

सैन्याच्या मागून लेक आली. दारात उभी राहिली. आत येईना, रडेना. कोणीतरी तिला काठावरचं सगळं सांगितलं होतं, त्या 'बरं झालं'सकट.

"एकोणीस दिवस, आई?" ती एवढंच म्हणाली.

तोंडाने सांगितलं असतं तर तिने माझ्यावर विश्वास ठेवला असता. आई म्हणून ठेवला असता. ते मला नको होतं. मी तांदळाचा डबा उचलून तिच्या हातात दिला आणि म्हटलं, "चल. वर्कशॉपमध्ये बोलावलंय मला."

तिथे एक तरुण साहेब टेबलावर यादी घेऊन बसला होता. त्या लोकांना ज्यांनी ज्यांनी मदत केली त्यांची यादी. आमचं नाव सगळ्यात वर.

"बाई, तुमच्या नवऱ्याने या गाड्या त्यांना चालू करून दिल्या. खरं आहे?"

"खरं आहे. इंजिनं बघा, एक नंबर झालीत." मी भिंतीकडे हात केला. "सगळं तिथे लिहिलंय."

साहेब फळ्याकडे बघत राहिला. त्याला त्या रकान्यांतलं काही कळत नव्हतं. तो नवा होता. पण माझ्या लेकीने डबा खाली ठेवला आणि फळ्यापाशी गेली. पहिल्या गाडीच्या ओळीवर तिने बोट ठेवलं आणि लहानपणी वाचायची तशी एकेक रकाना वाचत गेली. इंजिन, खूण. पट्टे, खूण. पंप, खूण. बुचं. बोट थांबलं. मग ते हळूहळू शेवटच्या रकान्यावर गेलं. तिथे नुसता काळा फळा होता.

"बाबांनी सही नाही केली," ती म्हणाली. आणि मग अगदी बारीक आवाजात, "सही न करता आत बसले?"

"हो."

ती वळली तेव्हा तिच्या चेहऱ्याकडे मला बघवलं नाही. मी डब्याचं झाकण काढलं, तांदळात कोपरापर्यंत हात घातला आणि पहिलं बूच काढून फडक्याने पुसलं. मग दुसरं. साहेब उठून उभा राहिला होता.

"त्यांना पोहता येत होतं?" त्याने विचारलं.

"नाही."

 मी पुसायची आणि लेक खिळ्यांवर टांगायची. तिसऱ्या गाडीची आठ, दुसऱ्या गाडीची आठ. पहिल्या गाडीच्या खिळ्यांपाशी तिचा हात अडखळला.

"आई, ही गाडी तर आता नाही."

"बुचं आहेत ना? मग जागेवर लाव."

तिने आठही लावली. साहेबाच्या शिपायाने फळा पुसायला ओलं फडकं उचललं होतं. मी त्याला म्हटलं, पहिली ओळ तेवढी राहू दे. मग सांडलेले तांदूळ गोळा केले, निवडून पुन्हा डब्यात भरले, आणि आम्ही दोघी घरी आलो.